आभाळ जिथे सर्वांत उंच होते

जगाच्या मध्यावर हंगेरी, हंगेरीच्या मध्यावर आतान्य, आणि आतान्यच्या मध्यावर आमचे देऊळ. तेव्हा जगाचा मध्य कोठे हे तुम्हीच ओळखा, असे आतान्यचे म्हातारे सांगत. पुरावा मागाल तर वर बोट! आभाळ आमच्याच गावावर सर्वांत उंच आहे, इतरत्र ते चहूकडे उतरत जाते. हेवेश परगण्यातल्या सपाट प्रदेशातील हे कॅल्व्हिनपंथी शेतकऱ्यांचे गाव मला याच बढाईमुळे प्रथम आवडले.

गावाची मांडणी मात्र आपल्याला चमत्कारिक वाटेल. घरे मध्ये दाटीने, तर गोठे गावाच्या कडेला, वेगळ्या आवारांत. घर बायकामुलांचे, गोठा पुरुषांचा. जेवणापुरते घरी यायचे, निजायचे घोड्याबैलांपाशी. गोठ्यात उघडा विस्तव पेटलेला असे आणि धुराडे नसे. (आमचे आजोबा गोठ्याजवळ कोणी विडी पेटविली तरी खेकसत; त्यांना हे ऐकून घेरीच आली असती.) हिवाळ्याच्या रात्री त्या विस्तवाभोवती शेजारी जमत, आणि तिथेच पोरांना जनावरांची पारख, जमिनीचा हिशेब व चारचौघांत बोलण्याची रीत कळे.

वेठबिगारी १८४८ साली सुटली, पण गावातली उतरंड राहिली. देवळात कोणी कोठे बसायचे तेही ठरलेले. ‘रेन्देश’ म्हणजे नीटनेटका, रीतीचा शेतकरी म्हणवून घेण्यात प्रत्येकाची प्रतिष्ठा असे. त्याला जमीन, जनावरे आणि अंगमेहनत तर हवीच. शिवाय प्रत्येक गोष्टीत प्रमाण हवे.

अशा गावात १९५१ साली एडिट फेल व तमाश होफर हे दोन संशोधक वह्या घेऊन आले. ते दिवस वाईट होते. सरकार सक्तीने धान्य वसूल करी, माळे झाडून नेई. परक्या माणसाने किती पोती पिकली असे विचारणे म्हणजे काय, हे सांगायला नको. तरी लोक या दोघांशी बोलले, वर्षानुवर्षे बोलत राहिले. माझ्या मते ग्रंथापेक्षाही हा विश्वास मोठा. आपल्याकडे आत्र्यांनी १९१५ साली ‘गावगाडा’ लिहिला तेव्हा तो गाडा कुरकुरत का होईना चालत होता. इथे वही भरत असतानाच गाडा मोडला. १९५९ ते १९६१ च्या लाटेत हंगेरीतील बहुतेक शेती सामुदायिक झाली. मालकीचे घोडे गेले, मग रात्री गोठ्यात निजायचे कोणाजवळ?

ग्रंथ १९६९ साली शिकागोहून इंग्रजीत निघाला. आतान्यची अवजारे बुडापेस्टच्या लोकजीवन संग्रहालयात गेली, आणि २०२२ साली त्या संग्रहालयानेही नव्या इमारतीत बिऱ्हाड थाटले.