दगड नसलेल्या मुलखातल्या खुणा

लखनौच्या जमिनीत दगड नाही. विहीर खणा, बोअर मारा, इमारतीचा पाया काढा. माती लागते, चिकण लागते, वाळू लागते आणि पुन्हा माती. हाताला कठीण असा लागलाच तर कंकर लागतो, म्हणजे चुनखडीचे वेडेवाकडे खडे. त्यांचा चुना भाजायचा, त्यांनीच रस्ते करायचे. गोमतीच्या पात्रातही धोंडा सापडत नाही. मी भोर तालुक्यात वाढले. तिथे नांगर चालवण्याआधी शेत वेचावे लागते आणि वेचलेल्या दगडांची ताल रचावी लागते. बँकेच्या नोकरीने मला लखनौला आणले, आणि शेतीकर्जाच्या तपासणीसाठी मलिहाबाद, काकोरी, मोहनलालगंज या बाजूंना हिंडताना एक प्रश्न माझ्यामागे लागला. ज्या मुलखात दगड नाही, तिथे माणूस खूण कशाची करतो?

आपल्याकडे हा प्रश्न कुणाला पडणार नाही. घाटवाटेवर पायवाट फुटते तिथे तीन-चार दगड एकावर एक ठेवलेले असतात. धुक्यात चुकू नये म्हणून कुणीतरी ठेवलेले, आणि पुढच्याने त्यात एकाची भर घातलेली. ब्रह्मगिरीच्या फेरीत लोक दगडांची चिमुकली घरे रचतात, आपलेही घर होऊ दे म्हणून. बांधावरचा धोंडा शेंदूर लागला की म्हसोबा होतो, आणि मग तो सरकवायची भावकीत कुणाची छाती होत नाही. शिलाहारांच्या काळापासूनचे गद्धेगळ कोकणात आणि देशावर अजून उभे आहेत. दान दिलेल्या जमिनीला हात लावणाऱ्यासाठीची शिवी त्या दगडावर कोरलेली, ज्याला वाचता येत नाही त्यालाही चित्रावरून कळावी अशी. गद्धेगळ राजाचा, पण बाकीच्या खुणा कुणाही वाटसराच्या. त्यांना परवानगी लागत नाही आणि पैसाही लागत नाही.

इथे पैसा लागतो. 1784 मध्ये दुष्काळात अवधचा नवाब आसफउद्दौलाने बडा इमामबाडा बांधायला घेतला, तोही लखौरी विटांचा: बोटभर जाडीची चपटी वीट, चुना आणि सुरखी. पन्नास मीटर लांबीचे दालन एकाही तुळईशिवाय उभे आहे, ते या विटेच्या जिवावर. पण वीट म्हणजे भट्टी, सरपण, मजूर आणि त्यांना मजुरी देणारा धनी. शेतकऱ्याने आपल्या शेताच्या कोपऱ्याला वीट कुठून लावावी?

ही अडचण फार जुनी आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात गावांच्या सीमेचे तंटे कसे सोडवावेत ते सांगितले आहे. सीमेवर वड, पिंपळ, पळस, सावर, साल अशी झाडे लावावीत, तळी आणि विहिरी कराव्यात. शिवाय काही खुणा जमिनीत पुरून ठेवाव्यात: हाडे, भुसा, राख, खापऱ्या, विटा, कोळसे, वाळू, खडे, म्हणजे मातीत लवकर न कुजणारे जे काही असेल ते. वर दिसते ती खूण माणसे हलवतात, पुरलेली हलवत नाहीत, हा त्यामागचा हिशोब. मला तो गंगेच्या खोऱ्यातल्या माणसाचाच हिशोब वाटतो. सह्याद्रीतल्या माणसाला कोळसा पुरायची गरजच पडली नसती.

इंग्रजांच्या मोजणीतही मातीच होती. महसुली मोजणीच्या आधी गावाची शीव ठरवण्याचे जे काम चाले त्याला ठाकबस्त म्हणत. अमीन शिवेवर फिरे, दोन्ही गावांच्या लोकांना उभे करी आणि वळणावळणावर मातीचे ढीग घालून घेई. तीन गावांच्या शिवा मिळतात त्या जागेला, म्हणजे सिहद्द्याला, मात्र पक्की खूण लागे. माझ्या कामात भेटलेले एक निवृत्त लेखपाल मला म्हणाले होते, ‘‘मॅडमजी, मेड (बांध) तर दर पावसाळ्यात चालते. एकेका नांगराने इकडची तिकडे होते. सिहद्दा सापडला तरच नकाशा खरा.’’ तीन शिवांच्या त्या खुणेवरून साखळी टाकून ते सगळे गाव मोजून दाखवत. देवाच्या बाबतीतही मातीच. इथला गावरक्षक डीह बाबा बहुतेक ठिकाणी मातीच्या उंचवट्यावर, झाडाखाली असतो, आणि त्याला नवस फेडायला मातीचे हत्ती-घोडे वाहतात. ते पावसात विरघळले तर विरघळले, पुढच्या वर्षी नवे येतात.

म्हणून या मैदानात जी खूण पक्की आहे, तिच्यामागे राज्यसत्ता आहे असे खुशाल धरावे. बाबराने 1528 च्या डिसेंबरात आग्रा ते काबूल रस्ता मोजून दर नऊ कोसांवर बुरूज बांधायचा हुकूम दिला. जहांगीराने 1619 मध्ये आग्रा-लाहोर रस्त्यावर दर कोसाला मिनार उभे करवले. त्यांतले काही हरियाणात रेल्वेच्या खिडकीतून दिसतात. त्रिकोणमितीय मोजणी 1830 च्या दशकात या मैदानात उतरली तेव्हा जॉर्ज एव्हरेस्टला चढायला टेकडी मिळेना, म्हणून त्याने मनोरे बांधले.

पण लखनौच्या माणसाने, आणि लखनौत राहणाऱ्या मराठी माणसाने, ज्या खुणा पाहाव्यात असे मला मनापासून वाटते, त्या या शहरापासून उत्तरेला, नेपाळच्या सीमेवर आहेत. तिथल्या मोठ्या विटबांधणीच्या खांबांना नेपाळात जंगे पिलर म्हणतात, नेपाळचा पंतप्रधान जंगबहादूर राणा याच्या नावाने. आणि ते खांब तिथे का आहेत याचे उत्तर लखनौत आहे.

नेपाळशी 1814 मध्ये युद्ध सुरू झाले तेव्हा ईस्ट इंडिया कंपनीकडे पैसा नव्हता. तो अवधचा नवाब गाजीउद्दीन हैदर याच्याकडून उचलला गेला. सुगौलीच्या तहाने नेपाळची तराई कंपनीच्या हातात आली, आणि 1816 मध्ये नवाबाच्या एक कोटीच्या कर्जाची फेड म्हणून त्या तराईचा पश्चिमेकडचा पट्टा अवधला देऊन टाकण्यात आला. रोख रकमेऐवजी सालाचे जंगल, मलेरिया आणि त्यात पिढ्यान्‌पिढ्या राहणारे थारू लोक. त्या थारूंना कुणी विचारले नाही.

मग 1856 मध्ये अवधच खालसा झाले, पुढच्या वर्षी बंड उठले. जंगबहादूर गोरखा फौज घेऊन इंग्रजांच्या मदतीला आला. 1858 च्या मार्चमध्ये लखनौ पडले, कैसरबाग लुटला गेला, आणि त्या लुटीच्या गाड्या गोरख्यांबरोबरही गेल्या. बेगम हजरत महल उत्तरेकडे हटली. बिठूरचे नानासाहेब पेशवेही तिकडेच. त्या वर्षाच्या अखेरीस इंग्रज सेनापती कॉलिन कॅम्पबेलच्या फौजेने बंडवाल्यांना राप्ती नदीपलीकडे, नेपाळात रेटले. बेगम पुढे काठमांडूत राहिली आणि 1879 मध्ये तिथेच वारली. पुण्याच्या गादीचा वारस आणि लखनौची बेगम एकाच रानातून परक्या राज्यात शिरले, ही गोष्ट आपल्या शाळांत एका वाक्यात उरकतात याचे मला फार वाईट वाटते.

बक्षिसी देण्याची वेळ आली तेव्हा तीच तराई पुन्हा बाहेर काढली गेली. 1 नोव्हेंबर 1860 च्या तहाने काली आणि राप्ती या नद्यांमधला, आणि राप्तीपासून गोरखपूर जिल्ह्यापर्यंतचा, पूर्वी नेपाळचा असलेला सखल मुलूख नेपाळला परत मिळाला. नेपाळात त्याला नया मुलुक म्हणतात. आजचे बांके, बर्दिया, कैलाली आणि कंचनपूर हे जिल्हे. तहाच्या मजकुरातच लिहिले आहे की आयुक्तांनी मोजलेली आणि खांबांनी दाखवलेली रेषा यापुढे अवध प्रांत आणि नेपाळ यांची सीमा राहील. पंचेचाळीस वर्षांच्या आत एक मुलूख दोनदा मोबदला म्हणून दिला गेला: आधी लखनौच्या पैशाचा, मग लखनौ पाडल्याचा. लखनौ पाडण्याची जी किंमत ठरली, तिची पावती हे खांब आहेत, असे मी मानते.

सीतापूर, लखीमपूर, पलिया असे करत दुधव्याच्या सालवनातून गौरीफंट्याला पोहोचता येते, पलीकडे धनगढी. तिथल्या शिवारात पाहिलेला एक खांब मला नीट आठवतो. खाली रुंद, वर निमुळता, माथा सपाट. चुन्याचा गिलावा एका अंगाने पुरता सुटलेला आणि आतल्या विटांचे थर उघडे पडलेले. विटांच्या कडा हात लावताच भुसभुशीत झडत होत्या. पायथ्याच्या भेगेतून पिंपळाचे रोप निघाले होते. दोन्ही बाजूंना दहा-दहा गजांची मोकळी पट्टी सोडायची असते, तिला दसगजा म्हणतात. पण मोहरी थेट खांबाला टेकली होती. एक थारू बाई सायकलला गवताचा भारा बांधून पट्टी ओलांडून गेली. तिचे माहेर पलीकडे होते. सशस्त्र सीमा बलाच्या जवानाने तिला थांबवले नाही, कारण या सीमेवर दोन्ही देशांच्या नागरिकांना पारपत्र लागत नाही.

पुराने वाहून गेलेले, शेतात गडप झालेले खांब शोधून पुन्हा उभे करायला दोन्ही देशांनी 2014 मध्ये सीमा कार्यगट नेमला. आता जागा उपग्रहावरून ठरतात. ते काम हवेच. पण नवा सिमेंटचा खांब उभारताना जुना विटांचा पाडून टाकू नये, शेजारी राहू द्यावा. त्याच्या देखभालीला लागतो तो चुना आणि एक गवंडी.

अयोध्येला येणारी मराठी माणसे आता लखनौत एखादा दिवस थांबतात, इमामबाडा पाहतात, रेसिडेन्सीच्या पडक्या भिंतींपुढे फोटो काढतात. हाताशी आणखी दोन दिवस असतील तर दुधव्याकडे जा. वाघ दिसेल न दिसेल. गौरीफंट्याला उतरून कुणालाही जंगे पिलर कुठे आहे ते विचारा, आणि तिथे उभे राहून 1858 च्या मार्चची आठवण करा.