भोपाळचा बिशप नागपूरला राहत होता

भोपाळचा इतिहास म्हटला की आपण बेगमांपाशी थांबतो. सुलतान जहाँ बेगम १९०१ साली गादीवर आल्या आणि १९२६ साली त्यांनी ती मुलाच्या, हमीदुल्ला खानांच्या हाती दिली. जवळजवळ याच काळात, म्हणजे १९०३ ते १९२६, भोपाळ ज्या अँग्लिकन धर्मप्रांतात मोडत होतं त्याचे बिशप होते एअर चॅटर्टन. हे नाव इथे कुणापुढे काढलं, तर 'हे कोण बुवा?' असंच ऐकायला मिळतं.

चॅटर्टन आयरिश. जन्म १८६३चा, शिक्षण डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात. तिथल्याच विद्यापीठाच्या मिशनबरोबर ते १८९०च्या दशकाच्या सुरुवातीला छोटा नागपुरात, हजारीबागला आले. पुढे नागपूरचा नवा धर्मप्रांत झाला आणि ते त्याचे पहिले बिशप झाले. मध्य प्रांत, वऱ्हाड, मध्य भारतातली संस्थानं आणि वर राजपुताना, एवढा पसारा. अकोल्यापासून अजमेरपर्यंत एकच बिशप! सदरमधलं ऑल सेंट्स चर्च त्यांचं कॅथीड्रल. ते मूळचं बांधलं सँकी या लष्करी इंजिनिअरनं. बंगळुरूचा सँकी तलाव त्याच्याच नावाचा.

मी इंजिनिअर, त्यामुळे मला आधी रस्ता दिसतो. आज आपण रात्री भोपाळहून गाडीत बसतो आणि सकाळी नागपूरला उतरतो. पण इटारसी-नागपूर हा थेट मोठा मार्ग पुरा झाला १९२०च्या दशकात. म्हणजे चॅटर्टन यांच्या बहुतेक कारकिर्दीत भोपाळकडे यायचं तर भुसावळ, खांडवा, इटारसी असा वळसा. भोपाळ एजन्सीचा पोलिटिकल एजंट बसायचा सीहोरला. तिथलं जुनं ऑल सेंट्स चर्च आजही उभं आहे.

आता अवघड प्रश्न. हे बिशप नक्की कुणाचे? छावण्यांतले चॅप्लिन सरकारी नोकर, त्यांचा पगार हिंदुस्थानच्या तिजोरीतून. कामठी, महू इथल्या गोऱ्या पलटणी हा त्यांचा पहिला कळप. चर्च आणि सरकार यांची ही गाठ सुटली १९३० साली, चॅटर्टन निवृत्त झाल्यावर. मग भोपाळकरानं त्यांची आठवण का ठेवावी?

माझं उत्तर एका पुस्तकात आहे. १९१६ साली त्यांनी 'द स्टोरी ऑफ गोंडवाना' लिहिलं. गढा-मंडला, देवगड, चांदा इथल्या गोंड राजांची हकिकत एका जागी आणायचा तो प्रयत्न. दृष्टी मिशनऱ्याची आणि साम्राज्याची, हे पानोपानी जाणवतं. ते बाजूला ठेवूनच वाचावं लागतं. पण ते इतिहासाचे प्राध्यापक नव्हते. नोकरी सांभाळून, फिरताफिरता आपल्या मुलखाचा भूतकाळ शोधणारा तो एक हौशी माणूस. आपल्या मंडळातले आपण सगळे वेगळे काय आहोत? आणि आपली दृष्टी अगदी स्वच्छ आहे, असं आपण तरी छातीठोक कुठे सांगू शकतो?

चॅटर्टन १९५० साली वारले. २९ नोव्हेंबर १९७० रोजी त्यांच्याच नागपुरात उत्तर भारताचं संयुक्त चर्च स्थापन झालं. आता त्यात भोपाळच्या नावाचा वेगळा धर्मप्रांत आहे. गंमत अशी, की त्याची कचेरी इंदूरला. भोपाळचा बिशप काही भोपाळला येत नाही!

तेव्हा पुढच्या वेळी नागपूरला गेलात, तर दीक्षाभूमी, सीताबर्डीचा किल्ला झाल्यावर अर्धा तास सदरलाही द्या. आपल्या शहराच्या इतिहासाचं एक पान तिकडे आहे.