आज तुम्ही असिस्टंट

चपला बाहेर काढा. हात धुतलेत ना? मग हे पांढरे सुती हातमोजे चढवा आणि आत या. साल 1975, मुंबई. या एडिटिंग रूममधले सगळ्यांत धाकटे असिस्टंट आता तुम्ही.

अहो, पंख्याला हात नको! आकड्यांना टांगलेल्या फिल्मच्या पट्ट्या उडतील, वर धूळ बसेल ती वेगळीच. घाम ओघळतोय तो ओघळू द्या. फिल्म सिमेंटचा उग्र वास आत्ता डोक्यात जाईल. तासाभरात सवय होईल. फिल्म चालवून बघायची मूव्हिओला शिलाई मशीनसारखी खडखडतेय. शेजारच्या खोलीत कुणी टेप उलटी फिरवलीय, त्यामुळे नायिका चिरक्या आवाजात उलटं रडतेय. चहावाला पोरगा ग्लास घेऊन घुसतोय आणि दारात प्रॉडक्शनचा माणूस ‘प्रिंट कधी?’ म्हणून खोळंबलाय.

टेबलाशी बसलेत ते संकलक वामन भोसले. शेजारी त्यांचे जोडीदार गुरुदत्त शिराळी. भोसले गोव्यातल्या पोंबुर्पा गावचे. मुंबईत येऊन बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले, मग फिल्मिस्तानात 12 वर्षं असिस्टंट राहिले. तेव्हा पाय दुखतात, ही तक्रार इथे करू नका.

हिशेब पाठ करा: सेकंदाला 24 फ्रेम, फुटाला 16. कापलेला तुकडा कितीही चिमुकला असो, नंबर पाहून टांगायचा.

आता रॅकवरचे डबे बघा. एकावर ‘कालिचरण’, दुसऱ्यावर ‘मौसम’. दोन्हीकडे डबल रोल: इकडे शत्रुघ्न सिन्हा, तिकडे शर्मिला टागोर. सारखेपणा तिथेच संपतो.

आधी ‘कालिचरण’ लावा. सुभाष घईंचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच सिनेमा. ठोसा सुटला, तो लागायच्या आतच मेणाच्या पेन्सिलीची खूण! मधल्या दोन-चार फ्रेम गाळल्या, की हवेत मारलेला ठोसा तुमच्याच जबड्यावर बसतो. पुढे तो कागद येईल, उलटा धरला की खलनायकाचं नाव सांगणारा. तो किती वेळ दाखवायचा? प्रेक्षकाला वाचता आला पाहिजे, पण नायकाच्या आधी उलगडता कामा नये. लावा डोकं.

आता गुलजारांचा ‘मौसम’. खोली तीच, खुर्ची तीच. पडद्यावर संजीवकुमार, वय झालेला डॉक्टर. मघाच्या मारामारीनं तुमची बोटं अजून शिवशिवताहेत. आवरा! नजर झुकू द्या, ओठ मिटू द्या. अजून थोडं. हं, आता कापा. कळलं? इथे कुणाचा ‘ठसा’ उमटवायचा नसतो. मारामारीला मारामारीचा श्वास, पश्चात्तापाला पश्चात्तापाचा. म्हणून तर या एकाच टेबलावर घईही येतात आणि गुलजारही.

दोन वर्षांनी येणाऱ्या ‘इनकार’साठी भोसलेंना संकलनाचा पहिलावहिला राष्ट्रीय पुरस्कार मिळणार आहे. तुम्हाला ठाऊक आहे, पण तोंड मिटून ठेवा. भविष्य सांगणाऱ्या असिस्टंटवर कोण विश्वास ठेवणार? शिवाय तुम्हाला वेळ कुठाय? काल गाळलेल्या 8 फ्रेम परत जोडायच्या आहेत. म्हणजे अर्धा फूट लांबीचा तुकडा, आणि तो आकड्यावर नाही. बघता काय, आकड्यांखालच्या कापडी पिशवीत कोपरापर्यंत हात घाला!