हिटलरच्या काळातला चेक

वर्ष केव्हा सुरू होते, हा प्रश्न आमच्या नगर जिल्ह्यात कुणाला विचारू नये. बँकेचे वर्ष सुरू होते एक एप्रिलला, तलाठ्याचे एक ऑगस्टला, साखर कारखान्याचे एक ऑक्टोबरला, कापड बाजारातल्या शेटजींचे दिवाळीच्या पाडव्याला, आमच्या हिचे गुढीपाडव्याला आणि माझे पगार होईल त्या दिवशी. बी. कॉम.ला आम्हाला एकच वर्ष शिकवले होते. तेही मी दोनदा केले.

२०२३ च्या जुलैत काउंटरवर एक वृद्ध गुरुजी आले. स्वतःच्याच खात्याचा पाच हजारांचा चेक. तारखेच्या आठ चौकोनांत देवनागरी आकडे : १५०४१९४५. मी मोठ्याने म्हणालो, "गुरुजी, हा पंधरा एप्रिल एकोणीसशे पंचेचाळीसचा चेक! अहो, तेव्हा हिटलर जिवंत होता!" मागची रांग खो खो हसली. चेकची मुदत तीन महिने, हेही मी ऐकवले. "कडेला 'शके' लिहिलंय, बघता का जरा?" गुरुजी म्हणाले. मी बघितले नाही. पासबुक घरी राहिलेले. ते मुकाट्याने शेवगावच्या एस.टी.ला निघून गेले.

संध्याकाळी मॅनेजरसाहेबांनी मला खुर्ची दिली नाही, त्यावरूनच ओळखले. राष्ट्रीय दिनदर्शिकेप्रमाणे शकाची तारीख हिंदीत घातलेला चेक, बाकी सगळे ठीक असेल तर, वटवायचा, ही रिझर्व्ह बँकेचीच सूचना! मेघनाद साहांच्या समितीने बसवलेली ही दिनदर्शिका सरकारने २२ मार्च १९५७ पासून स्वीकारली. तो दिवस १ चैत्र १८७९. त्या हिशेबाने गुरुजींचा १५ आषाढ १९४५ म्हणजे ६ जुलै २०२३. त्याच दिवसाची तारीख!

रात्री झोप येईना, म्हणून जुनी पुस्तके काढली. तेव्हा कळले की, तारखांचा हा घोळ आपल्याकडे चांगला पिकलेला आहे. हिजरी वर्ष चंद्राचे, दिवस ३५४. दरसाल ते सुमारे अकरा दिवस मागे सरकते. म्हणजे काही वर्षांनी पीक शेतात आणि वसुलीवाला दारात! यावर तोड निघाली ती शुहूर सनाची. इ. स. १३४४ मध्ये हिजरी ७४५ चालू होते. आकडा तोच ठेवला, वर्ष मात्र सूर्याचे केले आणि आरंभ धरला मृगाचा. म्हणून याला मृगसाल म्हणत. नाव अरबी, आकडे अरबी, पण पाऊस आपला. हिशेबात तडजोड कशी करावी, हे आमच्या हेड ऑफिसने यावरून शिकावे.

आमच्या निजामशाहीच्या कागदांत हाच सन, शिवकाळात हाच आणि पेशवे दफ्तरातही हाच. ६ जून १६७४ ला शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला, तेव्हा शुहूर सन होता १०७५, म्हणजे 'खमस सबैन अलफ' : पाच, सत्तर, हजार. त्याच दिवसापासून महाराजांनी स्वतःचा राज्याभिषेक शक सुरू केला. पण दफ्तरातला जुना सन काही लगेच सुटला नाही. राजा शक बदलू शकतो, कारकुनाची सवय बदलायला कोण धजणार? पानिपताच्या दिवशी, १४ जानेवारी १७६१ ला, कारकून 'इहिदे सितैन मया व अलफ'च लिहीत होते. शुहूरात जूनपासून डिसेंबरपर्यंत ५९९ आणि जानेवारीपासून मृगापर्यंत ६०० मिळवले की इसवी सन येतो. एवढी बेरीज मलाही जमली. गुरुजींच्या चेकला तर नुसते ७८ मिळवायचे होते.

आठ दिवसांनी गुरुजी पुन्हा आले. मी उठून उभा राहिलो, माफी मागितली. नातीच्या वसतिगृहाची फी भरायचा त्या दिवशी शेवटचा दिवस होता, असे त्यांनी सहज सांगितले. शेजाऱ्याकडून उसने घेऊन भरले. आता ते फेडायला आले होते.

मी चेक हातात घेतला आणि कौतुकाने 'शके' शोधू लागलो. नव्हते. स्वच्छ इंग्रजी तारीख होती.

"गुरुजी, हे काय? शकाची चालते की!"

"चालते हो," गुरुजी म्हणाले, "पण पुन्हा कशाला उगीच त्या हिटलरला उठवायचं?"

या वेळी रांगेत कुणी हसले नाही. मी पैसे दोनदा मोजले. आकडे नीट दिसत नव्हते.