कॅमेऱ्यामागच्या सरस्वतीबाई

'भारतीय चित्रपटाचे जनक कोण?' असे विचारले, तर वुडलँड्समधल्या आमच्या घरांतली मुलेही 'दादासाहेब फाळके' असे चटकन सांगतात. सरस्वतीबाई फाळके मात्र आम्हा मोठ्यांनाही आठवत नाहीत.

१९१२ साली दादासाहेब लंडनहून सामग्री घेऊन परतले. कोऱ्या फिल्मच्या कडांना भोके नसत. ती रात्री, दादरच्या घरात, अंधारात पाडावी लागत. ते काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई शिकल्या. फिल्म धुण्याची रसायने त्या मिसळत, भर उन्हात पांढरी चादर धरून नटांवर उजेड पाडत आणि ६०-७० माणसांचा स्वयंपाकही करत. भांडवलासाठी त्यांनी दागिनेही दिले. ३ मे १९१३ रोजी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' लागला. नाव झाले दादासाहेबांचे.

पुढे १९८५ साली, आमच्या तमिळ शेजाऱ्यांच्या भाषेतल्या 'चिन्न वीडू'चे छायाचित्रण बी. आर. विजयालक्ष्मी यांनी स्वतःच्या नावावर केले. त्यांना आशियातील पहिल्या महिला छायाचित्रकार म्हणतात. मध्ये ७२ वर्षे गेली.

आमच्या गणपतीच्या आल्बममध्येही फोटो काढणारी आई कुठेच दिसत नाही. यंदा निदान फोटोखाली तिचे नाव लिहू या.