क्रॉइत्सबर्ग : नकोशा वस्तीचा पायी वाचायचा इतिहास

१/ बर्लिनच्या क्रॉइत्सबर्ग भागात आज पर्यटकांचे जथे वाटाड्यामागून चालताना दिसतात. भिंतींवरची प्रचंड चित्रे, तुर्की भाजीवाल्यांची दुकाने, जुन्या बंडखोरांचे अड्डे असे सारे 'पर्यायी बर्लिन' म्हणून दाखवले जाते. पण हा पर्याय कुणी हौसेने उभारलेला नाही. शहराला जी वस्ती नकोशी झाली, तिच्यात नकोशी ठरलेली माणसे राहायला आली आणि त्यातून हे क्रॉइत्सबर्ग घडले. हा इतिहास पायी चालतच वाचावा लागतो.

२/ फेरीची सुरुवात अंगणातून करावी. रस्त्यालगतची नक्षीदार इमारत ओलांडली की आत अंगण, त्यामागे दुसरी इमारत, पुन्हा अंगण. १८५३ च्या बांधकाम नियमांप्रमाणे अंगण ५.३४ मीटर लांब-रुंद असले की पुरे होई. कारण आगीचा बंब तेवढ्या जागेत वळवता येत असे. उजेडाचा आणि हवेचा विचार त्यात नव्हता. १८६२ च्या हॉब्रेख्ट आराखड्यानंतर कामगारांची अशी दाटीवाटीची भाडेघरे पसरत गेली. अनेक कुटुंबांना मिळून एक संडास, मागच्या अंगणात कारखाना! मुंबईची चाळ पाहिलेल्याला हे चित्र अपरिचित वाटणार नाही.

३/ १३ ऑगस्ट १९६१ रोजी बर्लिनची भिंत उभी राहू लागली आणि क्रॉइत्सबर्गचे नशीब एका रात्रीत पालटले. जुन्या टपाल क्रमांकावरून 'एसओ ३६' म्हणून ओळखला जाणारा त्याचा पूर्वभाग तीन बाजूंनी भिंतीने वेढला गेला. शहराच्या मध्याशी असलेली वस्ती अचानक पश्चिम बर्लिनच्या टोकाला जाऊन पडली. रस्ते भिंतीशी येऊन संपू लागले. ज्यांना परवडले, ते निघून गेले.

४/ भिंतीमुळे पूर्व बर्लिनहून रोज कामाला येणारे हजारो मजूर थांबले. त्याच वर्षी, ३० ऑक्टोबर १९६१ रोजी, पश्चिम जर्मनीने तुर्कस्तानशी कामगार भरतीचा करार केला. आलेल्यांना नाव मिळाले 'पाहुणे कामगार'. पाहुण्याने काम करावे आणि परत जावे, ही अपेक्षा त्या नावातच होती. बर्लिनच्या विद्युत उद्योगात तुर्की स्त्रियांची संख्याही मोठी होती. पुढे जर्मन साहित्यात मानाचे स्थान मिळवणाऱ्या एमिने सेवगी ओझदामार या १९६५ मध्ये अशाच एका कारखान्यात कामाला आल्या होत्या.

५/ हे कामगार क्रॉइत्सबर्गमध्येच का स्थिरावले? त्याचे उत्तर शहराच्या पुनर्विकासात आहे. १९६३ पासून जुन्या वस्त्या पाडून नव्या बांधण्याचा कार्यक्रम सुरू झाला. ओरानियन चौकातून मोटारींचा महामार्ग नेण्याची योजनाही होती. जी इमारत उद्या पाडायची, तिची आज डागडुजी कोण करणार? घरमालकांनी दुरुस्ती थांबवली आणि जीर्ण खोल्या परदेशी कामगारांना भाड्याने दिल्या. इतरत्र जागा नाकारल्या जाणाऱ्यांना तेवढाच आसरा उरला होता.

६/ मग त्यांची संख्या 'फार' झाल्याची ओरड सुरू झाली. १९७५ पासून क्रॉइत्सबर्ग, वेडिंग आणि टियरगार्टन या तीन भागांत परदेशी नागरिकांना नव्याने राहायला येण्यास बंदी घालण्यात आली. तसा शिक्का त्यांच्या पारपत्रात मारला जाई. आधी व्यवस्थेनेच लोकांना एका कोपऱ्यात लोटले आणि नंतर त्या गर्दीचा दोष त्यांच्याच माथी मारला. 'बहुसांस्कृतिक' हे आजचे गोड विशेषण वापरताना त्या शिक्क्याची आठवण ठेवायला हवी.

७/ फेरीतला सर्वांत अवघड थांबा स्प्री नदीच्या काठी आहे. येथे नदीचे संपूर्ण पात्र पूर्व बर्लिनच्या हद्दीत होते. पश्चिमेची हद्द काठाशीच संपत असे. खेळता खेळता मूल पाण्यात पडले, तर पश्चिमेच्या बचाव पथकाला उतरता येत नसे. १९६६ ते १९७५ या काळात जर्मन, तुर्की आणि इटालियन कुटुंबांतली पाच मुले येथे बुडून मेली. शेवटचे मूल पाच वर्षांचे होते. त्यानंतर, २९ ऑक्टोबर १९७५ रोजी, दोन्ही बाजूंमध्ये बचावकार्याचा करार झाला. वस्तीच्या सरमिसळीची साक्ष ही मृतांची यादीही देते.

८/ नदीकडून मारियानन चौकात आले की बेथानियनची भव्य वास्तू दिसते. १८४७ मध्ये सुरू झालेले हे रुग्णालय १९७० मध्ये बंद पडले. डिसेंबर १९७१ मध्ये तरुणांनी आवारातील परिचारिकांच्या रिकाम्या वसतिगृहाचा ताबा घेतला आणि काही दिवसांपूर्वी पोलिसांच्या गोळीने मेलेल्या गेओर्ग फोन राउख या तरुणाचे नाव त्याला दिले. पश्चिम बर्लिनच्या रहिवाशांना लष्करी सेवेची सक्ती नव्हती. त्यामुळे पश्चिम जर्मनीतले अनेक तरुण या शहराकडे धाव घेत होते.

९/ १९८१ पर्यंत पश्चिम बर्लिनमध्ये दीडशेहून अधिक रिकाम्या इमारती ताब्यात घेतल्या गेल्या होत्या आणि त्यांतल्या बऱ्याच क्रॉइत्सबर्गमध्ये होत्या. ताबा घेणारे स्वतःच छप्पर दुरुस्त करत, खिडक्या बसवत. या आंदोलनाचे चित्र बहुधा पंक तरुणांचे असते. पण १९८० मध्ये फोर्स्टर मार्गावर तुर्की स्त्रियांनीही घरांचा ताबा घेतला होता. कुटुंबासाठी निवारा मिळवणे हेही राजकारणच असते, हे त्यांच्या कृतीने दाखवून दिले.

१०/ या संघर्षाचा परिणाम नगररचनेवर झाला. आंतरराष्ट्रीय बांधकाम प्रदर्शनाच्या निमित्ताने वास्तुरचनाकार हार्ट-वाल्टहेर हेमर यांनी 'सांभाळून नूतनीकरण' हे धोरण मांडले. त्याची बारा तत्त्वे होती. रहिवाशांना विचारून आराखडा करावा, लोकांना न हलवता इमारती टप्प्याटप्प्याने सुधाराव्यात, हे त्यांचे सार होते. आज पर्यटक ज्या जुन्या इमारतींची छायाचित्रे घेतात, त्या तेव्हा पाडू दिल्या नाहीत म्हणूनच उभ्या आहेत.

११/ बेथानियनमागे भाजीचा एक मळा आहे. भिंत बांधताना वळण टाळून सरळ रेषा घेतल्यामुळे पूर्वेच्या मालकीचा एक त्रिकोणी तुकडा पश्चिमेच्या बाजूला राहून गेला. त्यावर कचरा साचे. १९८० च्या दशकाच्या आरंभी ओस्मान कालिन या तुर्की स्थलांतरिताने तो साफ केला, कांदे-लसूण लावले आणि टाकाऊ सामानातून झाडाभोवती घर उभारले. पूर्वेचे सीमारक्षक चौकशीला आले. अखेरीस त्यांनी त्याला तिथे राहू दिले. दोन महासत्तांच्या सीमेवर अनातोलियातल्या शेतकऱ्याने आपला वाफा राखला. कालिन यांचे २०१८ मध्ये निधन झाले, पण घर अजूनही उभे आहे.

१२/ अशा फेऱ्यांनाही स्वतःचा इतिहास आहे. स्वीडिश लेखक स्वेन लिंडक्विस्ट यांनी १९७८ मध्ये कामगारांना आवाहन केले की, तुम्ही जिथे उभे आहात तिथेच खणा. आपल्या कारखान्याचा इतिहास तुम्हीच लिहा. त्या विचाराने जर्मनीत ठिकठिकाणी इतिहास कार्यशाळा निघाल्या. बर्लिनची कार्यशाळा १९८१ ची. पदवीधर अभ्यासक आणि सामान्य रहिवासी मिळून आठवणी नोंदवत, वस्तीतून लोकांना फिरवत. राजवाड्यांऐवजी मागची अंगणे दाखवणारी ही फेरी इतिहासलेखनाचीच एक पद्धत होती.

१३/ त्या पद्धतीची खूण पायाखालीही सापडते. १९९६ मध्ये कलावंत गुंटर डेमनिग याने ओरानियन मार्गाच्या पदपथात पितळी पत्र्याचे छोटे दगड बसवले. नाझी राजवटीने ज्यांना घरातून नेऊन ठार मारले, त्यांची नावे त्यांवर कोरलेली होती. यासाठी त्याने सरकारी परवानगी घेतलीच नव्हती! बर्लिनमधले असे स्मृतिदगड येथूनच सुरू झाले. वाचण्यासाठी मान खाली घालावी लागते, एवढीच त्यांची अट.

१४/ नदीकाठचे नावही बदलले आहे. पूर्वी हा काठ ओटो फ्रीडरिख फोन डेअर ग्रोबेन याच्या नावाने ओळखला जाई. १६८३ मध्ये आजच्या घाना देशात ब्रांडेनबुर्गच्या राजवटीसाठी किल्ला उभारणारा हाच. तो किल्ला गुलामांच्या व्यापाराचे ठाणे झाला. २०१० मध्ये या काठाला कृष्णवर्णीय जर्मन कवयित्री माय आयिम हिचे नाव देण्यात आले. ग्रोबेनचा इतिहास पुसला गेला नाही. त्याची माहिती देणारा फलक तेथे आहे.

१५/ १९८९ मध्ये भिंत कोसळली आणि कडेची वस्ती पुन्हा मध्यावर आली. नकोसे क्रॉइत्सबर्ग सर्वांना हवेसे झाले. भाडी वाढू लागली. मे २०१२ मध्ये कॉटबुसर टोर चौकात भाडेकरूंनी लाकडी झोपडी उभारून आंदोलन पुकारले. तिला त्यांनी 'गेजेकोंडू' म्हटले. रात्रीतून उभ्या राहिलेल्या घरासाठीचा हा तुर्की शब्द. ज्यांनी पडकी घरे राहती ठेवली, त्यांच्यावरच ती सोडण्याची वेळ येत होती. चौकातले विशाल निवासी संकुल २०१७ मध्ये सार्वजनिक गृहनिर्माण कंपनीने विकत घेतले, हा या दीर्घ लढ्याच्या काळातला एक दिलासा.

१६/ येथेच फेरीसमोरचा खरा प्रश्न उभा राहतो. वस्तीची कहाणी जितकी रंगवून सांगावी, तितकी तिची किंमत वाढते आणि कहाणीतल्या पात्रांना तिथे राहणे कठीण होते. म्हणून फेरी निवडताना वाटाड्या कोण आहे, हे आधी पाहावे. बर्लिनमध्ये बेघर राहिलेली आणि निर्वासित म्हणून आलेली माणसेही आज आपल्या वाटांवरून लोकांना नेतात. भिंतीवरचे चित्र कुणीही दाखवू शकतो. त्या भिंतीआड कोण राहत होते आणि ते आता कुठे गेले, हे सांगणाऱ्यासोबत चालावे. मागच्या अंगणात आवाज न करता शिरावे. तिथे अजून लोक राहतात.