टोप्यांच्या वखारीतील गाणे

ब्रिस्टल गावाच्या मुख्य रस्त्याच्या मधोमध टेनेसी आणि व्हर्जिनिया या दोन राज्यांची सरहद्द जाते. त्या रस्त्यावरच्या टोप्यांच्या एका जुन्या वखारीत 1927 च्या 25 जुलैपासून 5 ऑगस्टपर्यंत व्हिक्टर टॉकिंग मशीन कंपनीच्या राल्फ पीअरने आसपासच्या डोंगराळ मुलखातील गायक-वादकांची गाणी मेणाच्या तबकड्यांवर उतरवून घेतली. अमेरिकेतील 'कंट्री' संगीताचा इतिहास पुष्कळदा या दोन आठवड्यांपासून सांगितला जातो. कार्टर कुटुंबाचे पहिले ध्वनिमुद्रणही तेथेच झाले. परंतु 4 ऑगस्टला जिमी रॉजर्स नावाच्या एका क्षयग्रस्त तरुणाने तेथे जी दोन गाणी म्हटली त्यांचे पुढे काय झाले हे समजून घ्यायचे, तर त्याच्या गळ्याआधी पीअरचा करारनामा पाहिला पाहिजे.

पीअर कंपनीकडून पगार घेत नसे. त्याऐवजी मुद्रित झालेल्या गीतांचे स्वामित्वहक्क आपल्या ताब्यात राहावेत, एवढीच त्याची अट होती. गायकाला गाण्यामागे 50 डॉलर रोख आणि विक्रीतील अल्पसा हिस्सा मिळे. मात्र जे गाणे पूर्वीच सर्वांचे होऊन बसले आहे त्याची मालकी दप्तरात नोंदवता येत नाही. म्हणून पीअरला नुसता गोड गळा पुरेसा नव्हता, तर नवी म्हणून दाखल करता येतील अशी गाणी घेऊन येणारा माणूस हवा होता.

रॉजर्सचा जन्म 1897 चा. मिसिसिपीतील मेरिडियन हे त्याचे गाव. वडील रेल्वेत मुकादम. आई लहानपणीच गेल्यामुळे मुलगा रुळांच्या संगतीत वाढला, खडी टाकणाऱ्या मजुरांना पाणी पाजता पाजता त्यांची गाणी ऐकत मोठा झाला आणि पुढे गाड्यांवर ब्रेकमन झाला. 1924 साली क्षयाचे निदान झाले आणि ती मेहनतीची नोकरी हळूहळू सुटली. ब्रिस्टलला तो एका वाद्यवृंदासह आला होता. पण तबकडीवर नाव कोणाचे घालायचे यावरून साथीदारांशी बिनसले, आणि त्याने एकट्याने गिटार घेऊन गायिले. पूर्वीच्या कर्ण्यापुढे मोठ्याने गावे लागे. 1925 पासून आलेल्या विद्युत ध्वनिग्राहकाने हळुवार, जवळून बोलल्यासारखा स्वरही टिपता येऊ लागला. फुप्फुसे पोखरलेल्या या माणसाला त्या यंत्राने फार मोठा आधार दिला असला पाहिजे.

त्या पहिल्या तबकडीचा खप बेताचाच झाला. परंतु त्याच वर्षी 30 नोव्हेंबरला न्यू जर्सीतील कॅम्डेन येथे मुद्रित झालेले पहिले 'ब्लू यॉडेल' 1928 मध्ये बाजारात आले आणि लाखांनी खपले. कृष्णवर्णीय गायकांच्या ब्लूजची बांधणी, आणि कडव्याच्या शेवटी आल्प्सच्या गुराख्यांकडून रंगभूमीमार्गे आलेला यॉडेलचा स्वर, हा त्याचा घाट. त्यातील कित्येक ओळी दक्षिणेकडील मजुरांच्या तोंडी वर्षानुवर्षे फिरत होत्या. त्या ज्यांच्या होत्या त्यांच्या हाती छदामही पडला नाही, आणि कागदोपत्री त्या एका नावाखाली जमा झाल्या. रॉजर्सच्या स्वरावर माझे अत्यंत प्रेम आहे; म्हणूनच हा अन्याय स्पष्ट नोंदवणे मला आवश्यक वाटते. त्याची मेहुणी एल्सी मॅकविल्यम्स हिने त्याला अनेक गाणी रचून दिली, आणि त्यांतील कित्येकांवर तिचेही नाव नाही. 16 जुलै 1930 रोजी हॉलिवूडमध्ये नववे 'ब्लू यॉडेल' मुद्रित झाले तेव्हा तुतारी लुई आर्मस्ट्राँगची आणि पियानो त्याची पत्नी लिल हिचा होता. पण तबकडीवर ही नावे छापली गेली नाहीत.

पैसा आला तसा गेला. टेक्सासमधील करव्हिल येथे हौसेने बांधलेला बंगला औषधोपचारांच्या खर्चापायी विकावा लागला, आणि महामंदीने तबकड्यांचा बाजारही बसला. 1931 मध्ये त्याने स्वतःच्या क्षयावरच गाणे मुद्रित केले. 1933 च्या मे महिन्यात, घरच्यांसाठी चार पैसे मागे राहावेत म्हणून, परिचारिका बरोबर घेऊन तो न्यूयॉर्कला आला. ध्वनिमुद्रणाच्या जागीच खाट टाकलेली असे. गाणे झाले की आडवे व्हायचे, दम आला की पुन्हा उभे राहायचे, असे करीत त्याने 24 मे रोजी शेवटचे गाणे दिले, आणि 26 मेला हॉटेलातच रक्तस्राव होऊन तो वारला. वय 35. ब्रिस्टलपासून सहा वर्षेही पुरी झाली नव्हती. तेवढ्यात शंभराहून अधिक मुद्रणे झाली होती.

1961 मध्ये नॅशव्हिलच्या कंट्री संगीत सन्मान-मालिकेत पहिल्या तिघांत त्याचे नाव घातले गेले. मला त्याहून मोलाची वाटते ती 1950 ची एक नोंद. ह्यू ट्रेसी नावाचा लोकसंगीताचा संग्राहक त्या वर्षी केनियातील किप्सिगिस लोकांची गाणी मुद्रित करीत हिंडत होता. ग्रामोफोनमधून त्यांच्यापर्यंत पोचलेल्या रॉजर्सच्या नावाचे तेथे 'चेमिरोचा' झाले होते. अर्धा माणूस आणि अर्धा हरिण असा त्याचा देह कल्पिला गेला होता. आणि गावच्या मुली आपल्या चालीत, आपल्या वाद्याच्या साथीने, त्याला नाचायला बोलावीत होत्या.